कानातला महांतेश

योगीराज निलजकर बेंगळूरच्या बसवनगुडीत भाजी आणायला निघाले की वीस मिनिटांच्या कामाला तास लागायचा. कुणी 'अप्पाजी' म्हणत वाकून नमस्कार करायचं, कुणी कोथिंबिरीची जुडी तशीच पिशवीत टाकायचं, आणि एखादी आजी भर रस्त्यात अडवून विचारायची की थोरल्या सुनेला घराबाहेर काढलंत ते शोभलं का तुम्हाला. अप्पाजी म्हणजे रोज संध्याकाळी साडेसातला लागणाऱ्या एका कन्नड मालिकेतले कुटुंबप्रमुख. पांढऱ्या मिशा, सोनेरी काड्यांचा चष्मा आणि आवाजात अशी जरब की घरबसल्या लोकांनी टीव्हीपुढचे पाय आवरावेत. ही मालिका सहा वर्षं चालू होती. तिच्याआधी अशा अकरा झाल्या होत्या. सिनेमे वेगळेच. न्यायाधीश, डॉक्टर, पोलीस कमिशनर, नवरीचा बाप. नवरीचे बाप तर इतके करून झाले होते की स्वतःच्या मुलीच्या लग्नात ते रडले, तेव्हा पाहुण्यांना वाटलं सवयीनं रडले.

माणूस मूळचा बेळगावजवळच्या निलजीचा. घरात मराठी, शाळेत मराठी, पण बाजारात आणि मैदानावर कन्नड, त्यामुळे दोन्ही भाषा अंगवळणी पडलेल्या. सव्वीस वर्षांपूर्वी बेंगळूरला आले आणि तेव्हापासून बिनकामाचा एक महिना त्यांनी बघितला नाही. ह्याचा त्यांना गर्व होता, आणि का नसावा? देखणे देखणे हिरो दोन वर्षांत कुठं गडप झाले ते कुणाला कळलं नाही. योगीराज आपले रोज सकाळी सातला गाडीत बसून सेटवर हजर.

आता ह्या गड्याचं एक गुपित होतं. गुपित कसलं, सेटवर सगळ्यांना माहीत होतं, फक्त त्यात लपवण्यासारखं काही आहे असं कुणाला वाटत नव्हतं. सव्वीस वर्षांत योगीराजनी एकही वाक्य पाठ केलं नव्हतं. मालिकांमध्ये कॅमेऱ्याच्या शेजारी कागद घेऊन एक माणूस उभा असतो. तो एकेक वाक्य वाचतो आणि नट ते त्याच्यामागून म्हणतो. ह्याला प्रॉम्प्टिंग म्हणतात. दिवसाला वीस सीन उरकायचे, कागद सकाळी हातात येणार, पाठ कोण करत बसणार? मधला वाचणाऱ्याचा आवाज नंतर कापून टाकतात. सगळेच करतात. पण योगीराजनी त्याची कला केली होती. अर्धं वाक्य कानावर पडलं की उरलेलं ते आपोआप पकडायचे, आणि ते असं म्हणायचे की वाचणाऱ्यालाच गहिवरून यावं.

वाचणारा गेली चौदा वर्षं एकच होता, महांतेश. बैलहोंगलचा, योगीराजसारखाच दोन्ही भाषा बोलणारा, चाळिशीचा शांत माणूस. योगीराजना तो अण्णा म्हणायचा. अण्णांना कुठं श्वास लागतो, कुठलं जोडाक्षर त्यांच्या दाताखाली येतं, हे त्याला त्यांच्या बायकोपेक्षा जास्त माहीत. दोघांची जोडी अशी जमली होती की नवी मालिका घेताना योगीराजची पहिली अट महांतेश असायची, मग बाकीचं बोलणं.

अशा ह्या सुखी माणसाच्या दारात एका शनिवारी मैत्रेयी आली. पुण्याची पोरगी, वय तिशीचं, आठवड्याचे पाच दिवस इलेक्ट्रॉनिक सिटीत कॉम्प्युटरवर काम, आणि शनिवार-रविवारी सिनेमाचं वेड. वेड म्हणजे साधं नाही. दोन लघुपट करून झाले होते, आता पूर्ण लांबीचा मराठी सिनेमा करायला निघाली होती, बेंगळुरात घडणारा. घरमालकिणीच्या टीव्हीवर तिनं अप्पाजींना बघितलं, हा माणूस घरी मराठी बोलतो असं मालकिणीकडूनच कळलं, आणि पत्ता काढून थेट आली. मुख्य भूमिका होती, निवृत्त बसड्रायव्हरची. मेहुण्याच्या मयताला न गेलेला, आणि मग अकरा वर्षं बहिणीकडे फिरकलेला नाही असा भाऊ.

योगीराजनी चेहरा अगदी साधा ठेवला, तारखा बघायला लागतील म्हणाले, पण आतून ते विरघळले होते. सव्वीस वर्षं दुसऱ्याच्या बापाचे रोल केले, तेही मायबोलीत एक वाक्य न बोलता. ज्या भाषेत आईनं रागावलं, त्या भाषेत आपण एकदा पडद्यावर बोलावं ही इच्छा त्यांनी बायकोलासुद्धा कधी सांगितली नव्हती. हा सिनेमा त्यांना हवा होता. आजवर कुठलंच काम इतकं हवंसं वाटलं नव्हतं.

वाचन झकास झालं, कारण कागद हातात होता. फक्त सवयीनं ते प्रत्येक वाक्याआधी थबकायचे, महांतेशचा आवाज येईल म्हणून. मैत्रेयी भारावून गेली. "सर, तुम्ही बोलायच्या आधी जो थांबता ना, ते कमाल आहे," असं ती म्हणाली, आणि योगीराजनी मान तुकवून ते कौतुक खुशाल खिशात घातलं.

पहिल्या शूटिंगच्या दिवशी मात्र दांडी गुल झाली. मैत्रेयीची पद्धत वेगळी होती. सीन सुरू झाला की शेवटपर्यंत कॅमेरा थांबवायचा नाही, आवाज जागेवरचाच घ्यायचा, दोन माणसं एकमेकांच्या बोलण्यावर बोलली तर बोलू द्यायची. मध्ये वाचायला माणूस उभा करायची सोयच नव्हती. तीन वाक्यांचा सीन होता, रिक्षावाल्याला पत्ता विचारायचा. चौदा टेक झाले. पहिलं वाक्य यायचं, दुसरं निम्म्यात विरायचं, आणि मग योगीराज खोल नजरेनं समोर बघत उभे राहायचे, जणू काही मोठं दुःख आठवतंय. रिक्षावाला खराच होता, त्यानं शेवटी कन्नडमध्ये विचारलं, साहेबांना बरं नाही का?

संध्याकाळी मैत्रेयी त्यांच्याशेजारी पायरीवर येऊन बसली. आवाज न चढवता तिनं सगळं सांगितलं. पुढच्या रविवारी भाऊबहिणीचा सीन आहे, सगळा सिनेमा त्याच्यावर उभा आहे. तो झाला तर उत्तम. नाही झाला तर पुण्याचे श्रीरंग म्हणून रंगभूमीवरचे नट आहेत, त्यांनी तारखा मोकळ्या ठेवल्यात, ती त्यांना बोलावून घेईल. एवढं बोलून तिनं त्यांना चहा आणून दिला. योगीराजना शिव्या चालल्या असत्या. तो चहा काही केल्या घशाखाली उतरेना.

घरी आल्यावर त्यांनी पाठांतर मांडलं. बायको भाग्यलक्ष्मी बँकेतून दमून यायची, तरी कागद घेऊन बसायची. चार ओळींपर्यंत गाडी रुळावर असायची, पाचवीला घसरायची. सीनमध्ये भावाचं एक लांबलचक बोलणं होतं, 'परिस्थितीच अशी होती अक्का' असं सुरू होणारं. ते योगीराजना बुधवारपर्यंत उलटसुलट सगळ्या बाजूंनी आलं, सरळ मात्र आलं नाही. भाग्यलक्ष्मीनं सुचवलं की त्या पोरीला खरं काय ते सांगून टाका. योगीराज उसळले. खरं सांगायचं म्हणजे काय सांगायचं, की सव्वीस वर्षं मी पोपटपंची केली? गुरुवारी त्यांनी महांतेशला बाजूला घेतलं.

डाव सोपा होता. योगीराजच्या कानात बिनवायरीचा छोटा इयरफोन, वरून मफलर. डिसेंबर होता, आणि बसड्रायव्हर म्हातारा होता, कुणाला शंका येणार? महांतेश आतल्या खोलीत बसून फोनवर वाक्यं सांगणार. त्याला मराठी बोलता झकास यायचं, वाचता येत नव्हतं, म्हणून योगीराजनी एकेक ओळ म्हटली आणि त्यानं ती कन्नड लिपीत उतरवून घेतली. त्याला हे फारसं पटलं नव्हतं. पण अण्णा म्हणाले म्हटल्यावर तो सरी, म्हणजे बरं, म्हणाला.

रविवारचं शूटिंग यशवंतपूरला, ठकुबाईंच्या घरात. ह्या ठकुबाई म्हणजे सिनेमातली बहीण. वय सत्तर, निपाणीकडच्या, तीस वर्षं तिथल्या घाऊक बाजारामागं खानावळ चालवत होत्या. कांद्याचे ट्रक घेऊन येणारे नगर-नाशकाचे ड्रायव्हर त्यांच्याकडं भाकरी खायचे. मैत्रेयी एकदा तिथं जेवायला गेली आणि पिठल्यापेक्षा ठकुबाईंच्याच प्रेमात पडली. अभिनय त्यांनी जन्मात केला नव्हता. सीन त्यांना समजावून सांगितला, तो त्यांनी ऐकला, आणि म्हणाल्या की भाऊ आला तर काय बोलायचं ते मला शिकवू नका.

हे योगीराजनी ऐकलं तेव्हाच त्यांनी सावध व्हायला हवं होतं. झाले नाहीत. सोबतीला आलेला माणूस म्हणून आत तांदळाच्या पोत्यावर महांतेश बसला होता, कानात त्याचा श्वास ऐकू येत होता, आणि योगीराज पुन्हा अप्पाजींच्या ऐटीत होते. मैत्रेयीला तर ते म्हणाले, आज एका टेकमध्ये बघा.

पहिला टेक सुरू झाला. योगीराज दारातून आत आले. ठकुबाई शेगडीपुढं भाकरी थापत होत्या, कारण रिकाम्या हातानं त्यांना बसताच येत नव्हतं. त्यांनी वर बघितलं. कागदावर त्यांचं वाक्य होतं, 'इतक्या वर्षांनी आठवण झाली?' त्या म्हणाल्या, "जेवलास?"

कानात महांतेशनं आपलं काम चोख केलं. योगीराजनी डोळ्यांत पाणी आणलं, आवाज कापरा केला आणि म्हणाले, "परिस्थितीच अशी होती, अक्का."

ठकुबाईंनी भाकरी उलटली. "जेवायची?"

कॅमेरावाला हसून हसून खाली बसला. मैत्रेयीनं कट म्हटलं, तिलाही हसू आवरेना. ठकुबाईंना समजावलं की आजी, तेवढं आठवणीचं विचारा. त्यांनी मान डोलावली.

दुसऱ्या टेकला त्यांनी आठवणीचं विचारलं, पण लगेच पुढं म्हणाल्या की तुझ्या बायकोचं गुडघ्याचं दुखणं कसं आहे. सिनेमात बायको नव्हतीच. आत महांतेशची तारांबळ उडाली. योगीराजना कानात कागदांची सळसळ ऐकू आली, मग त्याचा घाबरा आवाज. आणि मग ते झालं. सव्वीस वर्षांची सवय हो! कानात आलं की तोंडातून गेलं. योगीराज ठकुबाईंकडे बघत, गळा दाटून आणून, एकेका शब्दाला वजन देत बोलले, "हे लिहिलेलंच नाही, अण्णा. स्वल्प थांबा."

कुणी हसलंसुद्धा नाही, कारण कुणाला काही कळलंच नाही. कळलं फक्त ठकुबाईंना, मफलरामागची कुजबुज त्यांना जवळून ऐकू आली होती. त्या उठल्या, पिठाच्या हातानं योगीराजचा मफलर ओढून काढला आणि कानातून ते पांढरं बोंड उपटून मैत्रेयीच्या हातात दिलं. त्यातून अजून बारीक आवाज येत होता, अण्णा, अण्णा. आतल्या दारात फोन कानाला लावलेला महांतेश येऊन उभा राहिला, खाली मान घालून.

योगीराजना वाटलं जमीन दुभंगावी. पण हा माणूस चिवट, पळ काढणाऱ्यातला नव्हे. त्यांनी महांतेशला पुढं बोलावलं, ह्याची काही चूक नाही, डोकं माझं, असं सगळ्यांदेखत सांगितलं. मग मैत्रेयीकडे वळले.

"मॅडम, मला पाठ होत नाही. कधीच केलं नाही. तुम्हाला जे थांबणं आवडलं होतं, ते मी ह्याची वाट बघत होतो. मला हा रोल पाहिजे होता म्हणून मी फसवलं तुम्हाला."

मैत्रेयी चिडली होती, ते तिच्या तोंडावर दिसत होतं. ती बाहेर गेली, पत्र्याच्या शेडखाली दोन फेऱ्या मारल्या आणि परत आली. खिडकीतलं ऊन पाऊण तासाचं उरलंय म्हणाली. एक टेक होईल. नाही झाला तर ती तिथूनच श्रीरंग सरांना फोन लावेल. आणि कागद नाही, फोन नाही, काही नाही. भाऊ अकरा वर्षांनी आलाय, एवढंच. तिनं महांतेशच्या हातातले कागदही काढून घेतले आणि त्याला कॅमेऱ्यामागं भिंतीला टेकून उभं राहायला सांगितलं.

योगीराज दाराबाहेर जाऊन उभे राहिले. कान इतके रिकामे त्यांना कधी वाटले नव्हते. बाजारातला ट्रक मागं घेतानाचा आवाज, लांबून स्टेशनवरची घोषणा, आत भाकरी थापल्याची थपथप, सगळं एकदम ऐकू यायला लागलं. आता काय व्हायचं ते होवो, असं मनाशी म्हणून ते आत शिरले.

ठकुबाईंनी वर बघितलं. योगीराज वाट बघत राहिले, पण ह्या वेळी वाट बघायला त्यांच्याचकडं बघावं लागलं, दुसरं कोण होतं? आजवर समोरचा नट बोलत असताना ते त्याच्याकडं डोळे लावून कान दुसरीकडे ठेवायचे. आता त्यांना ठकुबाईंच्या कपाळावरचं पीठ दिसलं. भाकरी थापता थापता त्यांचा हात थांबलाय, तेही दिसलं. ही बाई रागावलेली नाही, हिला खरंच जाणून घ्यायचंय, हे त्यांच्या लक्षात आलं.

"इतकी वर्षं का आला नाहीस?" ठकुबाईंनी विचारलं.

"लाज वाटली गे अक्का."

"कसली लाज?"

"पहिल्या दिवशी आलो नाही. दुसऱ्या दिवशी यायची लाज वाटली. मग दिवस वाढत गेले, तशी लाज वाढत गेली." हे कुठून आलं ते योगीराजना कळलं नाही. निलजीची बोली होती, आवाज अप्पाजींचा नव्हता, किंचित चिरका आणि हलका होता.

तव्यावरची भाकरी फुगली, ती ठकुबाईंनी काढली. "आणि आज?"

योगीराज सकाळपासून उपाशी होते. भाकरीचा वास नाकात गेला होता. त्यांनी तेच सांगितलं. "आज भूक लागलीया."

ठकुबाईंनी ताट पुढं सरकवलं, त्यात भाकरी टाकली, वर चटणी. योगीराज मांडी घालून बसले आणि जेवायला लागले. ठकुबाई त्यांच्याकडं बघत बसल्या, मग पदरानं डोळे पुसून म्हणाल्या, सावकाश खा, ठसका लागेल. आणि लागला. पाणी पुढं करताना त्यांनी भावाच्या पाठीवरून हात फिरवला, तो तिथंच ठेवला. मैत्रेयी कट म्हणायचं विसरली. ऊन खिडकीच्या खाली उतरलं तेव्हा कुठं कॅमेरा बंद झाला.

मैत्रेयीनं फोन काढला तेव्हा योगीराजच्या हातातला घास तसाच राहिला. ती श्रीरंग सरांशी बोलली, आभार मानले, आणि तुमच्या तारखा आता मोकळ्या समजा असं सांगितलं. मग योगीराजसमोर येऊन उभी राहिली. पुढच्या शनिवारचे कागद मी तुम्हाला पाठवणार नाही, म्हणाली, सीन काय आहे तेवढं तिथं आल्यावर सांगीन. आणि सर, परत मला फसवायचं नाही. योगीराज उष्ट्या हातानंच उठले आणि त्यांनी हात जोडले.

सामान आवरायला सुरुवात झाली. महांतेश अजून भिंतीशीच उभा होता, रिकामे हात कुठं ठेवावेत हे न कळल्यासारखा. योगीराज त्याच्याजवळ गेले आणि लहान पोरासारखं विचारलं, कसं झालं रे?

"अण्णा, चौदा वर्षं माझे डोळे कागदावर," महांतेश म्हणाला. "ओळ चुकंल म्हणून मी मान वर केलो नाही. तुम्ही काम करताना कसे दिसता, ते मी आज बघितलो."

योगीराजना हजारो लोकांनी बघितलं होतं. भाजीवाल्यांनी, आज्यांनी, सेल्फी काढणाऱ्या पोरींनी. पण रोज चार फुटांवर उभ्या असलेल्या ह्या माणसानं त्यांना कधी बघितलं नव्हतं, आणि त्यांनीही ते कधी विचारलं नव्हतं. त्यांनी महांतेशला धरून शेगडीजवळ नेलं, स्वतःच्या शेजारी बसवलं आणि ठकुबाईंना म्हणाले, अक्का, ह्यालापण वाढ, हाही सकाळपासून उपाशी आहे.